सेश्शू हायाकावा : परक्या पडद्यावरील जपानी नट

अमेरिकन मूकपटाच्या पहिल्या कालखंडाचा विषय निघाला कीं चार्ली चॅप्लिन, डग्लस फेअरबँक्स आणि मेरी पिकफर्ड हीं नांवें कोणाच्याहि ओठांवर सहज येतात. त्याच काळांत, त्याच हॉलिवूडमध्यें, त्यांच्या पंक्तीला बसलेला एक जपानी नट होता, ही गोष्ट मात्र आज फारच थोड्यांच्या स्मरणांत उरली आहे. सेश्शू हायाकावा हें त्याचें नांव. १९१५ च्या अखेरीपासून पुढें सुमारें सहा-सात वर्षें अमेरिकेंतील चित्रपटगृहांवर हें नांव ठळक अक्षरांत झळकत होतें. आणि तेंहि अशा काळीं, कीं ज्या काळीं त्याच्या देशबांधवांना त्या देशाचें नागरिकत्व मिळत नव्हतें व कॅलिफोर्नियांत शेतजमीनहि विकत घेतां येत नव्हती. ज्या समाजानें जपानी माणसाला उंबरठ्याबाहेर ठेवलें, त्याच समाजानें एका जपानी नटाला डोक्यावर घेतलें, हें घडलें तरी कसें? आणि त्या कौतुकाचें मोल त्याला कोणत्या नाण्यांत चुकवावें लागलें? या दोन प्रश्नांचीं उत्तरें त्याच्या चरित्रांत सांपडतात.

हायाकावाचें पाळण्यांतील नांव किंतारो. जपानच्या चिबा प्रांतांत, समुद्रकांठच्या नानाउरा या गांवीं १८८६ सालीं त्याचा जन्म झाला. घराणें मच्छीमारीच्या व्यवसायांतील आणि खाऊन पिऊन सुखी असें होतें. मुलानें आरमारांत अधिकारी व्हावें, ही घरच्यांची इच्छा. परंतु पाण्यांत खोल बुडी मारतांना त्याच्या कानाचा पडदा फाटला आणि आरमाराचा दरवाजा त्याला कायमचा बंद झाला. या अपयशाची लाज असह्य होऊन आपण प्राणत्याग करण्याचा प्रयत्न केला होता, असें त्यानें १९६० सालीं प्रसिद्ध झालेल्या आपल्या आत्मचरित्रांत लिहिलें आहे. त्या संकटांतून तो वांचला आणि विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांतच समुद्र ओलांडून अमेरिकेस गेला. लॉस एंजेलिस शहरीं जपानी वस्ती मोठी होती. त्या वस्तींतील लोक आपल्या करमणुकीकरितां आपल्याच भाषेंत नाटकें करीत. त्या नाटकांत किंतारो उतरला, सेश्शू हें नवें नांव त्यानें धारण केलें, आणि आरमारानें नाकारलेल्या तरुणाला रंगभूमीनें जवळ केलें.

येथें त्याच्या आयुष्यांत दोन व्यक्तींचा प्रवेश झाला. पहिली त्सुरू आओकी. ओतोजिरो कावाकामी या प्रसिद्ध जपानी नटाची ती भाची. १८९९ सालीं त्याची नाटकमंडळी अमेरिकेच्या दौऱ्यावर आली, तेव्हां ही लहानगी मंडळीबरोबर होती. पुढें सॅन फ्रान्सिस्को येथील एका जपानी चित्रकारानें तिचा सांभाळ केला. हायाकावाच्या आधींच ती चित्रपटांत कामें करूं लागली होती. दुसरी व्यक्ति म्हणजे निर्माता थॉमस इन्स. १९१४ च्या जानेवारींत जपानांतील साकुराजिमा ज्वालामुखीचा मोठा उद्रेक झाला, आणि त्याच्या बातम्या ताज्या आहेत तोंवरच इन्सनें त्या विषयावर 'द रॅथ ऑफ द गॉड्स' हा चित्रपट काढला. त्यांत नायिका त्सुरू होती, आणि तिच्या वृद्ध पित्याची भूमिका तरुण हायाकावानें केली. त्याच वर्षीं 'द टायफून' या चित्रपटांत त्याला प्रमुख भूमिका मिळाली. १९१४ च्या मे महिन्यांत सेश्शू व त्सुरू यांचा विवाह झाला. पडद्यावर बापलेक शोभलेलीं हीं दोघें पुढें अनेक चित्रपटांत नायक-नायिका म्हणून झळकलीं.

तथापि हायाकावाला जगासमोर उभें केलें तें १९१५ च्या डिसेंबरांत प्रसिद्ध झालेल्या 'द चीट' या चित्रपटानें. दिग्दर्शक होता सेसिल बी. डी मिल. न्यूयॉर्कनजीकच्या श्रीमंत वर्तुळांत वावरणारी एक उधळी स्त्री रेड क्रॉसच्या निधीचे १०,००० डॉलर, अधिक पैसा मिळेल या लोभानें, सट्ट्यांत घालते आणि गमावते. अब्रू वांचविण्यासाठीं ती तोरी नांवाच्या एका धनाढ्य जपानी व्यापाऱ्याकडून ती रक्कम घेते. मोबदला म्हणून ती स्वतःच त्याला वचनानें बांधली जाते. योगायोगानें नवऱ्याला पैसा मिळतो आणि ती कर्ज फेडावयास येते, तेव्हां तोरी तें नाकारतो. आपल्या प्रत्येक मौल्यवान वस्तूवर तो जी मुद्रा उमटवीत असे, तीच तापलेली मुद्रा तो तिच्या खांद्यावर डागतो. ती त्याच्यावर गोळी झाडते. नवरा तो गुन्हा आपल्या अंगावर घेतो. आणि अखेर भर न्यायालयांत ती खांद्यावरील डाग उघडा करून दाखविते, तेव्हां जमलेला जमाव तोरीवर तुटून पडतो.

कथानक भडक होतें, यांत शंका नाहीं. प्रेक्षकांना थक्क केलें तें या भूमिकेंतील नटानें. त्या काळच्या मूकपटांत अभिनय म्हणजे बहुधा रंगभूमीवरून उचललेले हातवारे असत. शब्द नाहींत, तेव्हां त्यांची उणीव अंगविक्षेपांनीं भरून काढली पाहिजे, अशी समजूत होती. राग आला कीं नट मुठी आवळी, दुःख झालें कीं कपाळावर हात मारी. हायाकावा स्वस्थ उभा राहिला. संताप, वासना, अपमान हे सारे विकार त्याच्या चेहऱ्याखालीं उसळत असत आणि चेहरा मात्र जवळजवळ निश्चल असे. भुवईची एखादी रेषा हलली कीं प्रेक्षकाला सारें समजे. कॅमेरा चेहऱ्याजवळ येऊं लागला होता, अशाच वेळीं हें तंत्र घेऊन हा नट त्याच्यासमोर आला. नाट्यगृहांतल्या शेवटच्या रांगेसाठीं जो अभिनय करावा लागतो, तो भिंगाला नको असतो, ही गोष्ट आज सर्वमान्य आहे. त्या वेळीं ती नवी होती. छायाचित्रकार आल्विन वायकॉफ यानें त्याला मोलाचें साहाय्य केलें. पडद्याचा बराच भाग अंधारांत ठेवून चेहऱ्याच्या एकाच बाजूवर प्रकाश टाकण्याची त्याची पद्धति या निश्चल मुद्रेला फार शोभून दिसली. अंधारांतून अर्धाच उजळलेला तो चेहरा लोकांना विसरतां येईना.

पॅरिसमध्यें हा चित्रपट १९१६ सालीं, महायुद्धाच्या ऐन धामधुमींत, 'फॉरफेत्यूर' या नांवानें आला. चित्रपटाला कला मानावयास तेथील विद्वान मंडळी तोंवर फारशी तयार नव्हती. कोलेत या प्रख्यात लेखिकेनें आणि लुई देलुक या टीकाकारानें हायाकावाच्या अभिनयाची मनापासून वाखाणणी केली. १९२१ सालीं तेथील ऑपेरा-कॉमिक या नाट्यगृहांत याच कथेवर रचलेली संगीतिकाहि रंगभूमीवर आली. चित्रपटानें नाटकांवरून कथा घ्याव्यात हा शिरस्ता. येथें चित्रपटाची कथा संगीतिकेनें उचलली.

अशा प्रकारें बाहेरचें जग टाळ्या वाजवीत असतां हायाकावाचे स्वतःचे लोक मात्र संतप्त झाले होते, आणि त्यांच्या संतापाला सबळ कारण होतें. कॅलिफोर्नियांत जपानी लोकांविरुद्ध चळवळ जोरांत होती. १९१३ सालच्या जमीनविषयक कायद्यानें, ज्या परकीयांना नागरिकत्वाचा अधिकार नाहीं त्यांना शेतजमीन घेण्यास मनाई केली होती, आणि तिचा मुख्य रोख जपान्यांवरच होता. जपानी माणूस वरवर कितीहि सभ्य दिसला तरी आंतून क्रूर असतो आणि गोऱ्या स्त्रीवर त्याची वाईट नजर असते, असा प्रचार चालू होता. त्या प्रचाराला लाखो लोक पाहतील असें चित्र मिळालें, आणि त्यांत काम करणारा नट त्यांच्यांतलाच होता! लॉस एंजेलिसच्या 'राफू शिंपो' या जपानी वृत्तपत्रानें निषेधाचा सूर लावला, आणि जपानमध्येंहि त्याला देशद्रोही म्हणणारे लोक निघाले. हायाकावानें त्याच वृत्तपत्रांतून दिलगिरी प्रसिद्ध केली, आणि यापुढें आपल्या बांधवांना बाधक होईल असें कांहीं आपल्या हातून घडूं नये याची काळजी घेण्याचें अभिवचन दिलें.

या प्रकरणाचा एक उत्तरभाग आहे, आणि तो हिंदी वाचकाला विशेष वाटेल. महायुद्धांत जपान हा अमेरिकेच्या बाजूचा देश ठरला. तेव्हां १९१८ सालीं 'द चीट' पुन्हां दाखवितांना त्यांतील जपानी व्यापाऱ्याला नांव बदलून ब्रह्मदेशाचा हस्तिदंताचा व्यापारी बनविण्यांत आलें. मूकपटांत हें काम किती सोपें! नट तोच, पोशाख तोच, घर तेंच. मधल्या अक्षरपट्ट्या तेवढ्या बदलल्या कीं दुर्जनाचें राष्ट्र बदलतें. ब्रह्मदेश त्या वेळीं ब्रिटिश हिंदुस्थानचा एक प्रांत होता. जपानच्या भावना जपण्याचें राजकीय कारण होतें. ब्रह्मी माणसाच्या भावनांना तें पाठबळ नव्हतें. पडद्यावरचा 'पूर्वेकडील माणूस' हा कोणत्याहि एका देशाचा नसून सोयीप्रमाणें कोणत्याहि देशाचा होऊं शकतो, हें यावरून स्पष्ट झालें.

त्यानंतरच्या भूमिकांवरून तेंच दिसतें. हायाकावाला चिनी करण्यांत आलें, मेक्सिकन करण्यांत आलें, हवाई बेटांतला आणि अरबी मुलखांतलाहि करण्यांत आलें. शिवाय त्याच्या कथांना एक ठराविक शेवट असे. नायक गोऱ्या नायिकेवर जीव लावतो, तिच्यासाठीं संकटें झेलतो, आणि अखेरीस तिला तिच्या गोऱ्या प्रियकराच्या हवालीं करून स्वतः दूर निघून जातो किंवा मरण पत्करतो. हा लेखकांचा केवळ छंद नव्हता. गोऱ्यांशीं मंगोल वंशाच्या माणसाचा विवाह कॅलिफोर्नियाच्या कायद्यानें निषिद्ध होता, आणि तो निर्बंध तेथील सर्वोच्च न्यायालयानें १९४८ सालीं घटनाबाह्य ठरवीपर्यंत कायम होता. प्रत्यक्ष जीवनांत जें लग्न बेकायदा, तें पडद्यावर सुखान्त कसें व्हावें? प्रेक्षकस्त्रियांनीं त्याच्यावर भाळावें, मात्र कथेंतील स्त्रीनें त्याला वरूं नये, असा हा विलक्षण सौदा होता. त्याग करणारा नायक म्हणून त्याची कीर्ति वाढली; परंतु तो त्याग कथेनें त्याच्यावर लादलेला असे.

या कोंडींतून बाहेर पडण्यासाठीं हायाकावानें एक धाडसाचें पाऊल उचललें. १९१८ सालीं त्यानें स्वतःची 'हॅवर्थ पिक्चर्स' ही संस्था स्थापिली. परदेशांतून आलेल्या, नागरिकत्वाचा हक्क नसलेल्या नटानें हॉलिवूडमध्यें स्वतःची निर्मितिसंस्था काढावी, ही गोष्ट त्या काळीं सामान्य नव्हती. पुढील दोनतीन वर्षांत या संस्थेनें अनेक चित्रपट काढले. जपानी माणसाचें खरें चित्र दाखवावें आणि ठराविक खलनायकी टाळावी, अशी त्याची इच्छा होती.

तिचें उत्तम फळ म्हणजे १९१९ चा 'द ड्रॅगन पेंटर'. विल्यम वर्दिंग्टन हा त्याचा दिग्दर्शक. डोंगरांत एकटा राहणारा तात्सु हा वेडापिसा चित्रकार सर्पासारख्या अजस्र ड्रॅगनचीं चित्रें काढतो; एक राजकन्या ड्रॅगनच्या रूपांत आपल्यापासून हिरावली गेली आहे, अशी त्याची दृढ श्रद्धा असते. एक वृद्ध चित्राचार्य, ज्याला आपल्या कलेचा वारस हवा आहे, त्याला आपली कन्या दाखवून हीच तुझी राजकन्या असें सांगतो. विवाह होतो, चित्रकार सुखी होतो, आणि त्याची कला आटून जाते. आपल्यामुळें त्याची प्रतिभा मावळली हें पाहून पत्नी नाहींशी होते. विरहाच्या दुःखांत त्याचा कुंचला पुन्हां चालूं लागतो, आणि मग ती परत येते. पत्नीची भूमिका त्सुरूनेंच केली होती. जपानांतील म्हणून दाखविलेले डोंगर वास्तविक कॅलिफोर्नियांतील योसेमिटी खोऱ्यांतले होते. या कथेंत खांद्यावर डाग देणें नाहीं, गोऱ्या नायिकेसाठीं मरणें नाहीं. कला आणि संसार यांच्या झगड्याचा, कोणत्याहि देशांतील माणसाला आपला वाटेल असा विषय आहे. हायाकावाला स्वातंत्र्य मिळालें असतें तर तो काय करूं शकला असता, याची कल्पना या एका चित्रपटावरून येते.

परंतु हें स्वातंत्र्यहि अपुरेंच होतें. चित्रपट काढणें त्याच्या हातीं असलें, तरी चित्रपटगृहें आणि प्रेक्षक त्याच्या हातीं नव्हते, आणि त्या प्रेक्षकांना त्याच्याकडून एक विशिष्ट प्रकारचें परकेंपण हवें होतें. १९१९ च्याच 'द मॅन बिनीथ' या चित्रपटांत त्यानें एका हिंदु शास्त्रज्ञाची भूमिका केली. हा विद्वान एका गोऱ्या तरुणीवर प्रेम करतो. विद्या आहे, शील आहे, तरीहि वंशाची भिंत ओलांडली जात नाहीं. आपल्या संस्थेतहि हायाकावाला त्याच जुन्या शेवटाशीं यावें लागलें. या वेळीं त्यागाचें ओझें जपान्याऐवजीं हिंदी माणसाच्या खांद्यावर पडलें, एवढाच काय तो फरक.

१९२१-२२ च्या सुमारास वारें अधिकच फिरलें. संस्थेंतील भागीदारांशीं त्याचें बिनसलें आणि १९२२ सालीं त्यानें हॉलिवूड सोडलें. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरांत अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानें ताकाओ ओझावा या जपानी गृहस्थाच्या खटल्यांत, जपानी मनुष्य गोरा नसल्यामुळें नागरिक होऊं शकत नाहीं, असा निर्णय दिला. पुढें तीनच महिन्यांनीं, फेब्रुवारी १९२३ मध्यें, भगतसिंग थिंड या हिंदी शीख गृहस्थाच्या खटल्यांत हिंदी लोकांनाहि तोच न्याय लावण्यांत आला. १९२४ च्या कायद्यानें तर जपानी लोकांचें अमेरिकेंत वसावयास येणेंच बंद केलें. ज्या देशांत त्याचे चित्रपट घरोघर बोलले जात, तेथें त्याच्या जातीच्या माणसाला पाय ठेवणें अशक्य झालें.

पुढील तीन दशकें म्हणजे एका मोठ्या नटाची भ्रमंती होय. फ्रान्समध्यें १९२३ सालीं 'ला बाताय' या चित्रपटांत त्यानें जपानी आरमारी अधिकाऱ्याची भूमिका केली. आरमारानें जो गणवेश त्याला नाकारला होता, तो पडद्यानें त्याच्या अंगावर चढविला. त्यानें इंग्लंडांत कामें केलीं, रंगभूमीवर कामें केलीं, एक कादंबरीहि लिहिली. १९३१ सालीं 'डॉटर ऑफ द ड्रॅगन' या बोलपटासाठीं तो हॉलिवूडला परत आला. त्यांत तो आणि अॅना मे वाँग ही चिनी वंशाची नटी प्रमुख भूमिकांत होतीं. परंतु फू मांचू हा चिनी खलपुरुष मात्र वॉर्नर ओलंड या स्वीडनमध्यें जन्मलेल्या नटानें रंगविला होता. पूर्वेकडील माणसाची भूमिकाहि रंग लावलेल्या गोऱ्या नटाकडे जाऊं लागली, तेव्हां हायाकावासारख्याला जागा कोठें उरणार? १९३७ सालीं 'फॉरफेत्यूर' फ्रान्समध्यें पुन्हां चित्रित झाला आणि बावीस वर्षांनंतर तीच भूमिका त्याच्याकडे आली. दुसऱ्या महायुद्धांत तो फ्रान्समध्येंच अडकून पडला, आणि तेथें जलरंगांतील चित्रें विकून त्यानें दिवस काढले.

युद्ध संपल्यावर हॉलिवूडला त्याची पुन्हां आठवण झाली. १९४९ सालीं 'टोकियो जो' मध्यें तो हंफ्री बोगार्टबरोबर दिसला, आणि १९५० सालीं 'थ्री केम होम' मध्यें त्यानें कैद्यांच्या छावणीवरील जपानी कर्नलची भूमिका केली. १९५७ सालीं डेव्हिड लीनचा 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय' प्रसिद्ध झाला. सिंहलद्वीपांत चित्रित झालेल्या या चित्रपटांत, ब्रिटिश कैद्यांकडून पूल बांधून घेणाऱ्या कर्नल साइतोचें काम त्यानें केलें. पुन्हां एकदां त्याच्या वांट्याला क्रूर जपानीच आला, हें खरें. परंतु या वेळीं कथेनें त्याला अंतःकरण दिलें होतें. ब्रिटिश कर्नलपुढें मानहानि सोसल्यावर साइतो एकांतांत रडतो, तो प्रसंग ज्यांनीं पाहिला आहे त्यांना, चाळीस वर्षांपूर्वींच्या त्या निश्चल चेहऱ्याखालीं काय दडलेलें होतें, तें उमगतें. या भूमिकेबद्दल ऑस्कर पारितोषिकासाठीं त्याचें नामनिर्देशन झालें. पारितोषिक त्याला लाभलें नाहीं. मात्र त्याच वर्षीं मियोशी उमेकी या जपानी नटीला 'सायोनारा' मधील भूमिकेबद्दल साहाय्यक अभिनेत्रीचें पारितोषिक मिळालें. ज्या दारावर हायाकावानें आयुष्यभर थाप मारली, तें दुसऱ्या कोणासाठीं तरी किंचित् उघडलें.

१९६१ सालीं त्सुरूचें निधन झालें. हायाकावानें झेन पंथाची दीक्षा घेतली होती; उत्तर आयुष्य त्यानें जपानांत घालविलें आणि २३ नोव्हेंबर १९७३ रोजीं टोकियो येथें देह ठेवला. त्याच्या मूकपटांपैकीं बरेचसे काळाच्या ओघांत नष्ट झाले. 'द ड्रॅगन पेंटर' हाहि हरवल्यासारखाच होता; त्याची एक प्रत फ्रान्समध्यें मिळाली आणि ती दुरुस्त करून पुन्हां दाखविण्यांत आली. जतन करण्यायोग्य चित्रपटांची जी यादी अमेरिकन काँग्रेसच्या ग्रंथालयाकडे असते, तींत 'द चीट' चा समावेश १९९३ सालीं झाला, तर 'द ड्रॅगन पेंटर' चा २०१४ सालीं. डाग देणारा व्यापारी आधीं आणि स्वप्न रंगविणारा चित्रकार एकवीस वर्षांनीं, असाच क्रम याहि ठिकाणीं लागला.

नटाला आपला चेहरा दुसऱ्याच्या कथेला उसना द्यावा लागतो, हा त्याच्या धंद्याचा धर्मच आहे. हायाकावाच्या बाबतींत या उसनवारीबरोबर एका सबंध लोकसमूहाची अब्रूहि गहाण पडली, आणि ती सोडवून घेण्यांत त्याचें अर्धें आयुष्य गेलें. आज ते दोन्ही चित्रपट पाहावयास मिळतात. ज्याला या नटाची ओळख करून घ्यावयाची असेल, त्यानें ते दोन्ही, आणि शक्य तर एकापाठोपाठ एक, अवश्य पाहावे.